हेर आणि साक्षी : क्रिश्तॉफ किश्लोव्स्कीची चित्रपटीय वाटचाल

(शताब्दी व्याख्यानमालेतील भाषणाचा मजकूर)



ग्रंथालयाच्या शताब्दीच्या व्यासपीठावरून एका चित्रपटकाराविषयी बोलले जावे, याचे काहींना आश्चर्य वाटेल. परंतु ग्रंथालय तरी कशासाठी असते? दुसऱ्या माणसाचे आयुष्य त्याला यत्किंचितही त्रास न देता जवळून पाहता यावे, यासाठीच ना? कादंबरीचा वाचक परक्या घराचा उंबरठा ओलांडतो, तेथले भांडण ऐकतो, कोणाच्या तरी मनातले पाप जाणून घेतो आणि पुस्तक मिटून आपल्या घरी जातो. त्यात कोणाचे काही बिघडत नाही, कारण ते घर कागदावरचे असते. घर खरे असेल आणि माणसे खरी असतील, तर मात्र हेच पाहणे चोरून पाहणे ठरते. पाहण्याचा हा अधिकार कोणाला, किती आणि कोणत्या अटीवर, हा प्रश्न ज्याने आपल्या कलेच्या मध्यभागी ठेवला आणि त्याची किंमत स्वतः मोजली, असा एक कलावंत विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात पोलंडमध्ये होऊन गेला. दिग्दर्शक आणि पटकथाकार क्रिश्तॉफ किश्लोव्स्की हे त्याचे नाव.

पोलंड हा देश मराठी माणसाला अगदीच परका नाही. दुसऱ्या महायुद्धात देशोधडीला लागलेले सुमारे पाच हजार पोलिश निर्वासित, ज्यांत बहुसंख्य स्त्रिया व मुले होती, १९४३ ते १९४८ या काळात कोल्हापूरजवळ वळिवडे येथील छावणीत राहिले होते. ज्या युद्धाने त्यांना इतक्या दूर आणून टाकले, त्याच युद्धाच्या ऐन धामधुमीत, जर्मनांच्या ताब्यातील वॉर्सा शहरात, २७ जून १९४१ रोजी किश्लोव्स्कीचा जन्म झाला. वडील अभियंता होते, पण क्षयाने ग्रासलेले. आई कचेरीत कारकुनी करी. वडिलांना ज्या गावच्या आरोग्यधामात जागा मिळे, त्या गावी सारे कुटुंब मुक्काम हलवी. त्यामुळे मुलाचे बालपण लहानलहान गावांतून, शाळा बदलत आणि पुस्तके वाचत गेले. सोकोवोव्स्को नावाच्या डोंगराळ गावी असताना चित्रपटाच्या तिकिटाला पैसे नसत. मग मुले सभागृहाच्या छपरावर चढत आणि हवेच्या झरोक्यातून खाली पाहत. तेथून पडद्याचा जेमतेम एक कोपरा दिसे. या चित्रपटकाराला सिनेमाचे पहिले दर्शन घडले ते असे, वरून, लपून आणि अर्धवट.

पुढचा मार्गही सरळ नव्हता. सोळाव्या वर्षी तो अग्निशामक दलाच्या प्रशिक्षणशाळेत दाखल झाला आणि तीन महिन्यांत तेथून बाहेर पडला. गणवेशाची आणि हुकमाची नोकरी आपल्याला झेपणार नाही, एवढे मात्र त्याला तेथे समजले. नंतर त्याने वॉर्सा येथे नाट्यतंत्राचे शिक्षण घेतले. नाट्यदिग्दर्शक व्हायचे तर उच्च शिक्षण हवे, म्हणून त्याने लॉड्झ येथील प्रख्यात चित्रपटविद्यालयाचे दार ठोठावले. दोनदा नकार मिळाला आणि तिसऱ्या खेपेस प्रवेश मिळाला. आंद्रे वायदा आणि रोमान पोलान्स्की ज्या संस्थेतून बाहेर पडले, त्या संस्थेत १९६४ ते १९६८ ही चार वर्षे शिकताना रंगभूमीची ओढ मागे पडली आणि अनुबोधपटाची ओढ लागली. काझिमिएझ काराबाश यांच्यासारखे अनुबोधपटाचे जाणते शिक्षक त्याला तेथे लाभले.

साम्यवादी राजवटीतील पोलंडमध्ये अनुबोधपट म्हणजे काय, हे समजून घेतले पाहिजे. वृत्तपत्रे होती, दूरचित्रवाणी होती, भाषणे होती. परंतु माणसे प्रत्यक्षात जसे जगत होती त्याचे वर्णन कोठेच नव्हते. आणि ज्याचे वर्णनच होत नाही, त्याविषयी बोलायचे तरी कसे आणि भांडायचे तरी कसे? जग आहे तसे नोंदवणे हेच अशा ठिकाणी मोठे काम होऊन बसते, अशी किश्लोव्स्की आणि त्याच्या पिढीची धारणा होती. विद्यार्थिदशेतच, १९६६ साली, त्याने ‘कचेरी’ नावाचा अवघ्या काही मिनिटांचा लघुपट केला. विमा कार्यालयाची खिडकी, खिडकीपुढे म्हातारीकोतारी माणसे, खिडकीमागे कागद मागणारा आवाज. शेवटी फायलींच्या थप्प्या दिसतात आणि तो आवाज सांगत राहतो की, आयुष्यभर तुम्ही काय काय केले ते या रकान्यात लिहा. सरकारी कचेरीच्या रांगेत उभे राहण्याचा ज्याला ज्याला प्रसंग आला असेल, त्याला या चित्रपटासाठी पोलिश भाषा यावी लागत नाही.

यानंतरची बारा-तेरा वर्षे तो प्रामुख्याने अनुबोधपट करीत होता. १९७० च्या डिसेंबरात बाल्टिक किनाऱ्यावरील कामगारांवर गोळीबार झाला, सत्तापालट झाला. त्यानंतर कामगार खरोखर काय म्हणतात हे टिपण्यासाठी त्याने सहकाऱ्यांसह ‘कामगार ७१’ हा चित्रपट केला. अधिकाऱ्यांना तो मानवला नाही. कापून-छाटून त्याचे वेगळेच रूप करण्यात आले. १९७६ सालच्या ‘इस्पितळ’मध्ये सलग बत्तीस तास कामावर असलेले अस्थिशल्यविशारद दिसतात. उपकरणे हातात मोडतात, विजेची पंचाईत होते, डॉक्टर पेंगतात, एकमेकांची थट्टा करतात आणि तरीही हाडे जोडत राहतात. त्यात व्यवस्थेवर एक शब्दही टीका नाही. टीका करण्याची गरजच उरत नाही. १९८० सालच्या ‘बोलके चेहरे’ या चित्रपटात वर्षाच्या बाळापासून शंभरीच्या आजीपर्यंत अनेकांना तेच ते प्रश्न विचारले आहेत : जन्म कधीचा, तुम्ही कोण, आणि तुम्हाला काय हवे आहे. उत्तरे साधी आहेत. पण ती एकापुढे एक ऐकताना एका समाजाचे मन उलगडत जाते. शंभरीच्या आजीला आणखी जगायचे असते.

हे सारे यश होते. तथापि याच यशाच्या पोटात एक शंका वाढत होती. १९७४ साली ‘पहिले प्रेम’ या चित्रपटासाठी त्याने एका कोवळ्या वयाच्या जोडप्याच्या मागे कॅमेरा लावला. मुलगी लग्नाआधी गरोदर राहिलेली, राहायला धड जागा नाही. लग्न, बाळंतपण, सारे काही कॅमेऱ्यासमोर घडले. त्यात एक पोलीस त्यांच्या खोलीवर येऊन कागदपत्रांची चौकशी करतो. हा पोलीस दिग्दर्शकानेच पाठवलेला होता. मुलीच्या चेहऱ्यावरची भीती मात्र खरी होती. बाळाच्या जन्मानंतर बापाच्या डोळ्यांत आलेले अश्रूही खरे होते, आणि ते टिपल्यावर किश्लोव्स्कीला स्वतःचीच भीती वाटू लागली. खऱ्या अश्रूंचे छायाचित्र घेण्याचा आपल्याला अधिकार आहे का, असे तो पुढे वारंवार विचारीत असे. कथापटाकडे वळण्याचे एक कारण त्याने अगदी साध्या शब्दांत सांगून ठेवले आहे : तेथे नटाच्या डोळ्यांत औषधाच्या दुकानातले ग्लिसरीन घालता येते.

१९७७ साली त्याने एका कारखान्याच्या रात्रपाळीच्या पहारेकऱ्यावर चित्रपट केला. या मनुष्याला शिस्तीचा, तपासणीचा आणि दुसऱ्यावर नजर ठेवण्याचा भारी सोस. आपली मते तो कॅमेऱ्यासमोर अभिमानाने सांगतो आणि प्रेक्षकाच्या अंगावर काटा येतो. चित्रपट गाजला, परंतु तो दूरचित्रवाणीवर दाखवण्यास स्वतः दिग्दर्शकानेच विरोध केला. शेजारीपाजारी या माणसाचे जगणे कठीण करतील, ही त्याची चिंता होती. दोष एका माणसाचा नव्हता, एका वृत्तीचा होता. पण पडद्यावर चेहरा मात्र एका माणसाचाच दिसणार होता.

अखेरचा घाव १९८० साली बसला. वॉर्साच्या मध्यवर्ती रेल्वे स्थानकावर ‘स्थानक’ नावाच्या अनुबोधपटासाठी रात्री छुप्या कॅमेऱ्याने चित्रण चालले होते. सामान ठेवण्याच्या पेट्यांशी गोंधळणारी, वाट पाहणारी, ताटकळलेली माणसे एवढाच विषय. एके रात्री चित्रणाहून परतल्यावर पोलिसांनी सारी फीत ताब्यात घेतली. एका मुलीने आईचा खून करून देहाचे तुकडे त्याच स्थानकातील सामानाच्या पेट्यांत ठेवले होते, आणि ती मुलगी कोठे चित्रित झाली आहे का, हे पोलिसांना पाहायचे होते. ती फितीत नव्हती. पण असती तर? कॅमेरा थोडा डावीकडे वळला असता, तर किश्लोव्स्की स्वतःच्या इच्छेविरुद्ध पोलिसांचा खबऱ्या ठरला असता. खुन्याला पकडून देण्यात गैर काय, असे कोणी विचारील. प्रश्न त्या एका खुनाचा नव्हता. आपण जे टिपतो ते कोणाच्या हातात जाईल आणि कशासाठी वापरले जाईल, यावर आपला काहीही ताबा नाही, हे त्याला त्या रात्री कळून चुकले. जेथे राज्यसत्तेचे डोळे सर्वत्र आहेत, तेथे आणखी एक डोळा वाढवण्याचे पातक त्याला नको होते. त्याने अनुबोधपट सोडला.

कथापटांची सुरुवात याआधीच झाली होती, आणि त्यांतही हाच काटा सलताना दिसतो. दूरचित्रवाणीसाठी केलेल्या ‘कर्मचारी’ (१९७५) या चित्रपटात नाटक कंपनीच्या शिवणखात्यात काम करणाऱ्या तरुणाला आपल्याच सहकाऱ्याविरुद्ध लेखी तक्रार द्यायला सांगितले जाते. समोर कोरा कागद असताना चित्रपट संपतो. तो लिहितो की नाही, हे सांगितलेले नाही. १९७९ सालच्या ‘हौशी’ (मूळ नाव ‘आमातोर’) या चित्रपटाने किश्लोव्स्कीचे नाव देशाबाहेर पोहोचवले. मॉस्कोच्या महोत्सवात त्याला सर्वोच्च पारितोषिक मिळाले. येझी श्टुर या समर्थ नटाने रंगवलेला फिलिप हा एका कारखान्यातील साधा नोकर. नवजात मुलीचे चित्रण करावे म्हणून तो छोटा कॅमेरा विकत घेतो. हळूहळू कॅमेऱ्याला सवय लागते ती पाहण्याची, आणि मग उघडे पाडण्याची. हेतू चांगला असूनही त्याच्या चित्रणापायी एका सज्जन वरिष्ठाची नोकरी जाते. घरी बायको विटून निघून जाते. शेवटी रिकाम्या घरात फिलिप कॅमेरा उलटा फिरवतो आणि त्याची काच स्वतःच्या चेहऱ्याकडे धरून मुलीच्या जन्माच्या रात्रीची हकीकत सांगू लागतो. दुसऱ्यावर रोखलेली नजर आधी स्वतःवर रोखून पाहावी, हा त्या शेवटाचा अर्थ आहे.

त्या काळातील झानुसी, वायदा, आग्नियेश्का होलांद प्रभृतींच्या अशा चित्रपटांना पोलंडमध्ये ‘नैतिक अस्वस्थतेचा सिनेमा’ असे नाव मिळाले. किश्लोव्स्की त्यांच्यातलाच, पण तो त्यांच्यातून लवकरच निराळा होऊ लागला. १९८१ साली पूर्ण केलेल्या ‘योगायोग’ या चित्रपटात वितेक नावाचा तरुण सुटणाऱ्या आगगाडीमागे धावतो. गाडी मिळाली तर तो पक्षाचा कार्यकर्ता होतो. फलाटावरच्या रक्षकाशी झटापट झाली तर सरकारविरोधी चळवळीत ओढला जातो. गाडी नुसतीच चुकली तर डॉक्टर होतो आणि कोणत्याच बाजूला जात नाही. माणूस तोच, सचोटी तीच. बाजू मात्र काही क्षणांच्या फरकाने ठरते. एकमेकांना शत्रू मानणाऱ्या दोन छावण्यांना हे सांगणे धाडसाचे होते. १३ डिसेंबर १९८१ रोजी लष्करी कायदा लागू झाला आणि चित्रपट कपाटात गेला. प्रेक्षकांना तो १९८७ साली पाहायला मिळाला. आगगाडीमागच्या या धावण्याचे पडसाद पुढे जर्मनीतल्या टॉम टिक्वर याच्या ‘रन लोला रन’ (१९९८) सारख्या चित्रपटांतही ऐकू येतात.

लष्करी कायद्याच्या काळातील एक हकीकत विशेष सांगण्याजोगी आहे. भिंतीवर घोषणा लिहिणे, बंदी असलेली पत्रके बाळगणे अशा आरोपांखाली लोकांना तुरुंगात धाडले जात होते. आरोपीचा आणि न्यायाधीशाचा, असे दोन्ही चेहरे टिपावेत म्हणून किश्लोव्स्कीने न्यायालयात चित्रणाची परवानगी मिळवली. पण कॅमेरा आला की न्यायाधीश शिक्षाच सुनावीनात! आपला चेहरा कायमचा नोंदला जाईल, ही भीती त्यांना वाटत होती. हे ध्यानात येताच बचावाचे वकील त्याला आपापल्या खटल्यांना बोलावू लागले. मग त्याने दुसराही कॅमेरा आणला. आणि पुढे पुढे तर कॅमेऱ्यात फीत भरण्याचीही तसदी घेतली नाही. ज्या यंत्रामुळे आपण खबऱ्या होऊ अशी धास्ती त्याला दोन वर्षांपूर्वी वाटली, तेच यंत्र येथे आरोपीची ढाल झाले, आणि तेही एक क्षणही चित्रित न करता. हेर आणि साक्षी दोघेही पाहतच असतात. फरक आहे तो कोणाच्या बाजूने पाहतात याचा.

या न्यायालयांतच क्रिश्तॉफ पिएशेविच या वकिलाशी त्याची गाठ पडली. पिएशेविचला चित्रपटाचे तंत्र ठाऊक नव्हते. पण माणसे संकटात कशी वागतात, याचे भांडार त्याच्यापाशी होते. दोघांनी मिळून ‘अखेर नसलेले’ (१९८५) ची पटकथा लिहिली. त्या चित्रपटापासून झ्बिग्निएव प्राइसनर हा संगीतकारही त्यांना येऊन मिळाला, आणि हे त्रिकूट शेवटपर्यंत टिकले. एका मृत वकिलाचा आत्मा, त्याची विधवा आणि त्याने अर्धवट सोडलेला एका कामगाराचा खटला असा त्याचा विषय. सरकारला तो राष्ट्रविरोधी वाटला, विरोधकांना पराभूत मनाचा वाटला आणि धर्मपीठाला अनीतिमान वाटला. तिन्ही बाजूंनी दगड येऊ लागले, तेव्हा राजकारण हा आपला प्रांत नाही हे त्याने ओळखले.

अशाच दिवसांत एकदा पावसात भर रस्त्यात पिएशेविच भेटला आणि म्हणाला की, बायबलमधल्या दहा आज्ञांवर कोणीतरी चित्रपट करायला हवा. त्यातून ‘देकालोग’ ही दहा चित्रपटांची दूरचित्रवाणी मालिका १९८८-८९ मध्ये उभी राहिली. आधी बेत असा की, पटकथा आपण लिहाव्यात आणि दिग्दर्शन दहा तरुणांनी करावे. पण लिहिता लिहिता किश्लोव्स्की त्यांत इतका गुंतला की सर्व दहाही त्याने स्वतःच केले. छायाचित्रणकार मात्र नऊ निवडले, आणि प्रत्येकाला आपल्या पद्धतीने काम करण्याची मोकळीक दिली. साऱ्या कथा घडतात वॉर्सातील एकाच वसाहतीत, उंच, करड्या, एकसारख्या इमारतींत. एका कथेतील नायक दुसऱ्या कथेत जिन्यावर ओझरता दिसतो. चाळीत किंवा सदनिकांच्या वसाहतीत राहणाऱ्या कोणालाही हे ओळखीचे वाटेल : भिंतीपलीकडे काय चालले आहे हे आपल्याला ऐकू येते, पण ठाऊक नसते.

प्रत्येक आज्ञेचे प्रवचन करणे त्याला मान्य नव्हते. पहिल्या भागात विद्यापीठातील प्राध्यापक संगणकावर तळ्यावरील बर्फाची जाडी काढतो. बर्फ मुलाला पेलेल, असे उत्तर येते. आणि बर्फ फुटतो. गणितात चूक नव्हती. दहाव्या भागात बापाच्या टपाल तिकिटांच्या संग्रहापायी एक मुलगा मूत्रपिंड देऊन बसतो, आणि ज्याने रडायचे तेथे आपण हसत असतो. बहुतेक भागांत आर्तुर बार्चिश या नटाने केलेला एक अनामिक मनुष्य येतो. कधी तळ्याकाठी शेकोटीपाशी, कधी रस्त्याच्या कामावर. तो एकही शब्द बोलत नाही, हस्तक्षेप करीत नाही. माणूस निर्णयाच्या कड्यावर उभा असताना नुसता पाहतो. आपल्याकडे ज्याला साक्षी म्हणतात, तो हाच. स्टॅन्ली कुब्रिकने या पटकथांच्या पुस्तकाला प्रस्तावना लिहिली आणि कल्पना बोलून न दाखवता घटनांतून उभ्या करण्याच्या या लेखकद्वयाच्या शक्तीचा गौरव केला.

मालिकेतील दोन भागांचे मोठे चित्रपट झाले. ‘हत्येविषयी एक लघुपट’ (१९८८) या चित्रपटात याचेक नावाचा एक भटका तरुण एका टॅक्सीचालकाला कारणावाचून ठार मारतो. हा खून पडद्यावर कित्येक मिनिटे चालतो. दोरी, काठी, दगड. माणूस चटकन मरत नाही. पुढे कायदा त्या तरुणाला फासावर चढवतो, आणि तेही तितक्याच बारकाईने दाखवले आहे. फासाची दोरी तपासणारा कर्मचारी यंत्राला तेल घालतो, पडदा ओढून पाहतो. मरणापूर्वी तरुण आपल्या वकिलाला सांगतो ते लहान बहिणीविषयी. ती ट्रॅक्टरखाली गेली आणि ट्रॅक्टर चालवणाऱ्याबरोबर तो स्वतः दारू प्यायला होता. स्वावोमिर इद्झाकच्या हिरवट फिल्टरांनी सारे शहर आजारी, कुजके दिसते. कान येथे या चित्रपटाला परीक्षकांचे पारितोषिक मिळाले आणि त्याच वर्षी सुरू झालेल्या युरोपीय चित्रपट पुरस्कारांत तो सर्वोत्कृष्ट ठरला. पोलंडमध्ये देहान्त शिक्षेवर वाद चालू असतानाच तो आला. एप्रिल १९८८ नंतर त्या देशात कोणाला फाशी दिली गेली नाही, आणि १९९७ च्या नव्या दंडसंहितेने ती शिक्षाच रद्द केली. एका चित्रपटाने कायदा बदलला असे म्हणणे अतिशयोक्तीचे होईल. पण त्या वादात हा चित्रपट एक साक्षीदार होता, हे निःसंशय.

दुसरा ‘प्रेमाविषयी एक लघुपट’. टपाल कचेरीतला एकोणीस वर्षांचा तोमेक समोरच्या इमारतीतील एका स्त्रीला रोज रात्री दुर्बिणीतून पाहतो. सुरुवातीला हा हेरच आहे. पण एका रात्री त्याला ती एकटी रडताना दिसते, आणि पाहण्याचा अर्थच बदलतो. मोठ्या चित्रपटाचा शेवट मालिकेतील शेवटाहून निराळा आहे. तेथे ती स्त्रीच त्याच्या खोलीत येऊन त्या दुर्बिणीला डोळा लावते, आणि तिला दिसते ती स्वतःच, रडणारी. आणि तिच्या खांद्यावर हात ठेवणारा तो. आपल्याला कोणीतरी पाहिले, म्हणजे कोणीतरी आपले दुःख जाणले, हा दिलासा त्या दुर्बिणीतून तिला मिळतो.

साम्यवादी राजवट १९८९ साली कोसळली. सरकारी पैसा आटला, तशी सेन्सॉरची कात्रीही गेली. किश्लोव्स्कीचे पुढचे चित्रपट फ्रान्सच्या पैशावर झाले. ‘वेरोनिकचे दुहेरी जीवन’ (१९९१) मध्ये एक मुलगी पोलंडात आणि एक फ्रान्समध्ये. रूप एक, गळा एक, हृदयाचा आजार एक. एकमेकींची ओळख नाही. पहिलीच्या मरणाने दुसरी कारण न कळता शोकात बुडते आणि सावध होते. दोन्ही भूमिका करणाऱ्या इरेन जाकोबला कान येथे अभिनयाचे पारितोषिक मिळाले. पॅरिसजवळच्या एका कार्यक्रमात पंधरा वर्षांच्या मुलीने किश्लोव्स्कीला सांगितले की, हा चित्रपट पाहून आत्मा असतो हे आपल्याला कळले. एवढ्या एका मुलीसाठीही चित्रपट करण्याचे कष्ट सार्थकी लागले, असे तो म्हणे.

त्यानंतर ‘तीन रंग’. फ्रान्सच्या ध्वजाचे निळा, पांढरा, तांबडा हे रंग. स्वातंत्र्य, समता, बंधुता ही तत्त्वे. परंतु घोषणेतली नव्हेत, घरातली. ‘निळा’ (१९९३) मधील ज्युलीचा पती आणि मुलगी अपघातात जातात. आता तिला कोणाचेच बंधन नाही. पण हे स्वातंत्र्य घेऊन काय करायचे? ज्युलिएत बिनोशने ही भूमिका केली आहे. तिच्या हातातला साखरेचा खडा कॉफी शोषून घेतो, एवढेच एक दृश्य आहे. हा खडा पाच सेकंदांच्या आसपास भिजावा, फार लवकर नको, फार उशिरा नको, म्हणून सहायकाने निरनिराळी साखर तपासून पाहिली होती. जगाकडे पाठ फिरवलेल्या बाईचे सारे लक्ष त्या खड्यात आहे, हे त्याशिवाय समजले नसते. चित्रपटाला व्हेनिसचा सुवर्णसिंह विभागून मिळाला. ‘पांढरा’ (१९९४) ही पॅरिसमध्ये सर्वस्व गमावलेल्या पोलिश न्हाव्याची विनोदी आणि कडवट कथा. ट्रंकेत बसून तो मायदेशी परततो आणि उकिरड्यावर मार खाऊन पडला असतानाही घरी आल्याच्या आनंदात असतो. बर्लिन येथे त्यासाठी दिग्दर्शनाचे पारितोषिक मिळाले.

‘तांबडा’ (१९९४) मध्ये किश्लोव्स्कीने आपल्या साऱ्या आयुष्याचा हिशेब मांडला आहे. जिनिव्हातील एक निवृत्त न्यायाधीश शेजाऱ्यांची दूरध्वनीवरील संभाषणे चोरून ऐकत असतो. वॅलेंटीन नावाची तरुण मुलगी हे पाहून संतापते आणि ज्याचे बोलणे ऐकले गेले त्या शेजाऱ्याला सावध करायला त्याच्या घरी जाते. तो गृहस्थ आत कोणाशी तरी चोरट्या प्रेमाचे बोलत आहे. बायको निर्धास्तपणे दार उघडते. आणि लहान मुलगी घरातल्याच दुसऱ्या दूरध्वनीवरून बापाचे बोलणे ऐकत उभी आहे. वॅलेंटीनला सांगता येत नाही. घर चुकले, असे म्हणून ती परत फिरते. सत्य सांगून घर मोडायचे, की गप्प राहून लबाडीला साथ द्यायची? ‘स्थानक’च्या रात्री पडलेला प्रश्न चौदा वर्षांनी परत आला, अधिक खोल होऊन. पुढे न्यायाधीश स्वतःच पत्रे लिहून आपला गुन्हा कबूल करतो. शेजारी त्याच्या खिडक्यांवर दगड मारतात, आणि तो ते रास्त समजतो. झाँ-लुई त्रँतिन्याँ या थोर नटाच्या चेहऱ्यावर हेराचा साक्षी होण्याचा हा प्रवास आपण पाहतो. कान येथे या चित्रपटाला काहीही मिळाले नाही. ऑस्करसाठी मात्र दिग्दर्शन, पटकथा आणि छायाचित्रण अशी तीन नामांकने झाली.

या अखेरच्या चित्रपटांवर आक्षेपही घेतले गेले. पोलंडमधील काही टीकाकारांना वाटले की, रांगेतल्या माणसांचा हा चित्रपटकार श्रीमंत घरांतील सुंदर स्त्रियांच्या दुःखात रमला. करडा पोलंड सोडून रंगीत युरोपात गेला. गूढता ही त्याची लकब झाली. या आक्षेपात तथ्य मुळीच नाही असे नाही. ‘इस्पितळ’मधील निथळता सच्चेपणा ‘वेरोनिक’च्या सोनेरी प्रकाशात सर्वत्र आढळत नाही. तथापि त्याने विषय बदलला असे म्हणणे बरोबर नाही. बाहेरचे जग नोंदवायला कॅमेरा पुरतो. पण माणूस खरोखर ज्या खोलीत जगतो, त्या आतल्या खोलीत अनुबोधपटाच्या कॅमेऱ्याने जाऊ नये आणि त्याला जाताही येत नाही. तेथे जायचे तर कल्पित माणसे हवीत, पटकथा हवी, आणि ग्लिसरीन हवे. किश्लोव्स्कीचे मत तर असे होते की, त्या खोलीपर्यंत साहित्य पोहोचते. चित्रपट फार स्थूल माध्यम आहे, त्याला ते क्वचितच साधते. पन्नाशी ओलांडलेला, जगभर नावाजलेला चित्रपटकार हे म्हणतो, तेव्हा ग्रंथालयात बसलेल्यांनी ते नम्रपणे ऐकावे.

‘तांबडा’ पूर्ण होताच, १९९४ साली, त्याने चित्रपटसंन्यास जाहीर केला. एकापाठोपाठ तीन चित्रपटांच्या ओझ्याने तो थकला होता; आता बाकावर बसून सिगारेट ओढीन आणि वाचीन, अशा अर्थाचे तो बोलत असे. लेखन मात्र सुटले नाही. पिएशेविचबरोबर स्वर्ग, शुद्धिस्थान आणि नरक अशा तीन पटकथांचा बेत सुरू झाला. १३ मार्च १९९६ रोजी हृदयावरील शस्त्रक्रियेनंतर वॉर्सा येथे त्याचे निधन झाले. वय अवघे चोपन्न. ‘स्वर्ग’ पुढे २००२ साली टॉम टिक्वरने आणि ‘नरक’ २००५ साली दानिस तानोविचने पडद्यावर आणला. वॉर्साच्या पोवाँझ्की दफनभूमीत त्याच्या समाधीवर दोन हातांचे शिल्प आहे. बोटांची चौकट करून दिग्दर्शक दृश्य जोखतो, तसे ते हात आहेत.

रसिकहो, किश्लोव्स्कीच्या निधनाला तीन दशके होत आली. त्या वेळी कॅमेरा मोजक्यांच्या हाती होता. आज तो प्रत्येकाच्या खिशात आहे. अपघात, भांडण, मरण, कोणाचेही अश्रू क्षणात टिपले जातात आणि क्षणात हजारोंपुढे जातात. फिलिपने विकत घेतलेला तो छोटा कॅमेरा आता घरोघरी आला आहे. चित्रपटाच्या अखेरीस त्याने तो स्वतःकडे का वळवला, हे मात्र फारसे कोणी विचारत नाही. पोलंडच्या या कलावंताने तो प्रश्न स्वतःला विचारला, त्यापायी आवडता अनुबोधपट सोडला, आणि उत्तर शोधता शोधता विसाव्या शतकातील काही श्रेष्ठ चित्रपट करून ठेवले. दुसऱ्याचे आयुष्य पाहण्याची ओढ माणसाला राहणारच. ग्रंथालये तिच्यावरच तर उभी आहेत. पाहिल्यानंतर आपण खबर देणार की सोबत करणार, एवढेच ठरवायचे असते. शंभर वर्षे ज्या संस्थेने आपल्या वाचकांना सोबत करणारी नजर दिली, तिच्या या उत्सवात किश्लोव्स्कीचे स्मरण झाले, हे औचित्यपूर्णच आहे.